नाव बदलण्याची मुभा आणि नावाची मालकी

गेली तीस वर्षे एक आकर्षक सिद्धान्त जगभर फिरविला जात आहे. तो असा की, इंटरनेटच्या युगात माणसाची ओळख स्थिर राहिलेली नसून ती प्रवाही झाली आहे. जन्माने लादलेले नाव, जात, लिंग, देश आणि वर्ग यांचे ओझे पडद्याच्या अलीकडे उतरवून ठेवावे, पलीकडे हवे ते नाव घ्यावे, हवा तो चेहरा धारण करावा आणि एकाच वेळी दहा माणसे होऊन जगावे, असे तो सांगतो. जुलै १९९३ मध्ये ‘न्यू यॉर्कर’ या अमेरिकन साप्ताहिकात पीटर स्टायनर यांचे एक व्यंगचित्र आले. संगणकासमोर बसलेला कुत्रा आपल्या सोबत्याला समजावीत आहे की, येथे आपली जात कोणाला कळत नाही. त्या विनोदाचे पुढे तत्त्वज्ञान झाले. एम. आय. टी. मधील प्राध्यापिका शेरी टर्कल यांनी १९९५ च्या ‘लाइफ ऑन द स्क्रीन’ या ग्रंथात पडद्यावरील अनेक खिडक्यांप्रमाणे माणसाचा ‘मी’ही अनेक झाला आहे, असे मांडले. पुढे २०११ च्या आपल्या ग्रंथात स्वतः टर्कल यांनीच या जीवनपद्धतीविषयी गंभीर चिंता व्यक्त केली; पण तोवर मूळ सिद्धान्त जाहिरातदारांच्या हाती जाऊन बाजारात रुळला होता.

या सिद्धान्तात सत्याचा अंशच नाही, असे म्हणता येणार नाही. माणूस घरी एक, कामावर एक आणि मित्रांत एक असतो, हे इंटरनेटच्या आधीही खरे होते. परंतु प्रवाही ओळखीचे हे गुणगान एक साधा प्रश्न पद्धतशीरपणे टाळते. नाव बदलण्याची मुभा कोण देतो, कोण काढून घेतो, आणि बदललेल्या नावामागचे खरे नाव कोणाच्या वहीत लिहिलेले असते? ओळखीचा प्रश्न हा मालकीचा प्रश्न आहे. तो त्या रीतीने मांडला नाही, तर दोन्ही बाजूंनी फसगत होते. एकीकडे टोपणनावालाच मुक्ती समजणारे भाबडे, आणि दुसरीकडे टोपणनावालाच गुन्हा ठरविणारे सत्ताधारी.

टोपणनाव ही दुबळ्यांची ढाल

टोपणनाव हे संगणकाचे अपत्य नव्हे. १९०८ मध्ये सरकारी शाळाखात्यात नोकरी करणाऱ्या धनपतराय या तरुणाने ‘नवाबराय’ या नावाने ‘सोजे वतन’ हा उर्दू कथासंग्रह प्रसिद्ध केला. ब्रिटिश सरकारला त्यात राजद्रोह दिसला. जिल्हाधिकाऱ्याने लेखकाला बोलावून जाब विचारला आणि प्रती जाळण्यात आल्या. त्यानंतर त्या लेखकाने नवे नाव घेतले, आणि प्रेमचंद या नावाने तो भारतीय साहित्यात अमर झाला. रोझा लुक्झेंबर्ग यांनी १९१५ मध्ये तुरुंगात लिहिलेली युद्धविरोधी पुस्तिका १९१६ मध्ये ‘युनियस’ या नावाने बाहेर पडली. ज्याच्या हाती तुरुंगाची किल्ली नाही आणि पगाराची थैलीही नाही, त्याला सत्य बोलायचे असेल तर कधी कधी नावाआड उभे राहावे लागते. यात भ्याडपणा शोधणाऱ्यांनी आधी समोरची शक्ती किती सशस्त्र आहे, हे पाहावे.

आपल्या देशात तर या ढालीची गरज अधिकच आहे, कारण येथे नाव ही केवळ खूण नसते. येथे आडनावात जात असते आणि नावात धर्म असतो. शहरात भाड्याची खोली पाहावयास गेलेल्या दलित किंवा मुसलमान तरुणाला पहिला प्रश्न पुरे नाव काय हाच विचारला जातो, आणि उत्तरानंतर खोली अचानक आधीच दिली गेलेली असते. अशा समाजात एखादा दलित विद्यार्थी, एखादी मुसलमान मुलगी, एखादा कंत्राटी कामगार टोपणनावाने लिहितो, तेव्हा त्याचे म्हणणे प्रथमच त्याच्या आडनावाआधी वाचले जाते. ही लहान गोष्ट नव्हे.

पण तिची मर्यादाही ओळखली पाहिजे. टोपणनाव जातीपासून लपवते. ते जात नष्ट करीत नाही. फेब्रुवारी १९२९ मध्ये तमिळ प्रदेशात चेंगलपट्टू येथे भरलेल्या पहिल्या स्वाभिमान परिषदेने जातिवाचक नावे टाकून देण्याचा ठराव केला. तेथे माणसांनी दिवसाढवळ्या, एकत्र येऊन आणि परिणामांची जबाबदारी घेऊन आपले नाव बदलले. आजच्या पडद्यावर मात्र एकेकटा माणूस रात्री खाते उघडतो, नाव बदलतो आणि सकाळी त्याच वस्तीत, त्याच आडनावाने कामाला जातो. पहिल्या कृतीने समाजावर ओरखडा उमटला. दुसरी कृती माणसाला थोडा श्वास घेऊ देते. श्वास आवश्यक आहे, पण त्याला क्रांती म्हणणे हा आत्मवंचनेचा प्रकार होय.

वरून प्रवाही, खतावणीत पक्के

आता ज्यांच्या पटांगणात हा नावांचा खेळ चालतो, त्या मक्तेदार कंपन्यांकडे वळू. प्रवाही ओळखीचे गोडवे गाणाऱ्या याच उद्योगाने, जाहिरातीचा धंदा जमताच, नेमका उलट सिद्धान्त मांडावयास सुरुवात केली. माणसाने दोन ओळखी बाळगणे सचोटीला सोडून आहे, अशा आशयाचे मत फेसबुकचे मालक मार्क झुकरबर्ग यांच्या नावावर २०१० च्या एका ग्रंथात नमूद आहे. २०११ मध्ये गूगलने ‘गूगल प्लस’ सुरू केले तेव्हा खऱ्या नावाची सक्ती केली. ती टीकेनंतर जुलै २०१४ मध्ये मागे घेतली. त्याच वर्षी फेसबुकने सॅन फ्रान्सिस्कोमधील स्त्रीवेषात रंगमंचावर उभे राहणाऱ्या कलावंतांची खाती बंद केली, कारण ज्या नावाने सारे शहर त्यांना ओळखत होते ते कागदोपत्री नव्हते. आंदोलन उभे राहिले आणि ऑक्टोबर २०१४ मध्ये कंपनीला माफी मागावी लागली. डिसेंबर २०१७ मध्ये भारतात नवे खाते उघडणाऱ्या काही लोकांना याच कंपनीने आधारवरील नाव लिहिण्यास सुचविले होते. गवगवा होताच तो ‘प्रयोग’ संपल्याचे जाहीर झाले.

ही सचोटीची चाड अकस्मात कोठून आली? उत्तर हिशेबाच्या वहीत आहे. या कंपनीच्या उत्पन्नाचा नव्वद टक्क्यांहून अधिक भाग जाहिरातींतून येतो, आणि जाहिरातदाराला सावली विकत घ्यावयाची नसते. त्याला वय, गाव, उत्पन्न आणि सवयी असलेले गिऱ्हाईक हवे असते. म्हणून वर नाव काहीही असो, खाली मोबाईल क्रमांक, यंत्राची खूण, ठिकाण, वेळ आणि ओळखीच्या माणसांच्या फोनमधून उचललेली क्रमांकांची यादी यांच्या साह्याने एकच पक्के खाते लिहिले जाते. भारतात तर सिमकार्डच ओळखपत्राशिवाय मिळत नाही. त्यामुळे टोपणनावाचा धागा दोन पावलांवर खऱ्या नावाला जाऊन भिडतो. टोपणनाव शेजाऱ्यापासून लपवते, मालकापासून नव्हे. २०१८ मध्ये उघडकीस आलेल्या केंब्रिज अॅनालिटिका प्रकरणात सुमारे ८ कोटी ७० लाख लोकांची माहिती एका राजकीय सल्लागार संस्थेच्या हाती गेली असावी, असे फेसबुकलाच मान्य करावे लागले. २०१९ मध्ये अमेरिकन सरकारने कंपनीवर ५०० कोटी डॉलरचा दंड बसविला. दंड सरकारजमा झाला. खतावणी कंपनीपाशीच राहिली.

या व्यवहाराचा कळस म्हणजे, माणसाला त्याचेच नाव भाड्याने देण्याचा धंदा. जून २०२३ मध्ये याच कंपनीने भारतात दरमहा ६९९ रुपये घेऊन नावासमोर निळी खूण लावण्याची योजना सुरू केली. ज्याची ओळख, त्यालाच तिचे भाडे! गावची गायरान जमीन बळकावून गावकऱ्यांनाच चराईचा दर लावणाऱ्या जमीनदाराची ही नवी आवृत्ती होय.

कामगाराचे नाव मालक ठेवतो

प्रवाही ओळखीचे सर्वांत खरे चित्र पाहावयाचे असेल, तर विद्यापीठांतील परिसंवाद सोडून कामाच्या जागी यावे लागेल. या शतकाच्या आरंभी गुडगाव, बंगलोर आणि मुंबई येथील कॉल सेंटरांत हजारो भारतीय तरुणांना रात्रपाळीसाठी इंग्रजी नावे देण्यात आली. दिवसा नलिनी, रात्री नॅन्सी. सोनाली गुलाटी यांच्या २००५ च्या माहितीपटाचे शीर्षकच हे आहे. नावाबरोबर उच्चारही बदलावयास शिकविले गेले, अमेरिकेतील हवामान आणि सणवार पाठ करून घेतले गेले. ही ओळख निश्चितच प्रवाही होती. पण प्रवाहाची दिशा ठरविणारा वेगळा होता आणि वाहून जाणारा वेगळा. ज्या ग्राहकाला स्वस्त श्रम हवे होते, त्याला श्रमिकाचा देश ऐकू येऊ नये, एवढाच या नामकरणविधीचा हेतू होता. २०२५ मध्ये टेलिपरफॉर्मन्स या फ्रेंच कंपनीने तर भारतीय कर्मचाऱ्याचा उच्चार बोलता बोलताच यंत्राने बदलून टाकणारी योजना वापरात आणल्याचे प्रसिद्ध झाले. आता कामगाराला नवा आवाज शिकण्याचेही कष्ट नाहीत. त्याचा आवाज त्याच्या तोंडातून निघताच मालकाचा होतो.

रस्त्यावरील कामगाराची कथा याहून निराळी, पण अर्थ तोच. मोबाईलवरून माल पोहोचविणारा किंवा गाडी चालविणारा मजूर कंपनीच्या भाषेत कामगार नसतो. तो ‘पार्टनर’ असतो. डिजिटल युगातील सर्वांत मोठे बनावट नाव हेच होय. या एका टोपणनावाच्या आड किमान वेतन, भविष्यनिर्वाह निधी, कामाचे तास आणि अपघाताची भरपाई एवढे सारे गडप झाले आहे. भागीदार म्हणावे, तर नफ्यात भाग नाही. नोकर म्हणावे, तर कायद्याचा आधार नाही. आणि याच ‘भागीदारा’ला स्वतःची ओळख किंचितही प्रवाही ठेवण्याची मुभा नसते. उबरने २०१७ पासून भारतातील चालकांना काम सुरू करण्याआधी अधूनमधून स्वतःचा चेहरा टिपून पाठविण्यास लावले. चेहरा यंत्राला पटला नाही, तर खाते थांबते. अशा कामगारांच्या तोंडी कामावरून काढण्याला शब्दच ‘आयडी ब्लॉक’ असा आहे. पूर्वी माणूस कामावरून जात असे, नाव घेऊन घरी येत असे. आता त्याचे नावच काढून घेतले जाते, कारण ते मालकाच्या यंत्रात राहत होते.

हीच तफावत इतरत्रही दिसते. स्वतःचे लिंग स्वतः ठरविण्याचा तृतीयपंथीयांचा हक्क सर्वोच्च न्यायालयाने १५ एप्रिल २०१४ रोजी मान्य केला. परंतु २०१९ च्या कायद्याने त्या हक्काच्या दारात जिल्हादंडाधिकाऱ्याचे प्रमाणपत्र उभे केले. जाहिरातीत प्रवाही ओळखीचा उत्सव आणि कचेरीत प्रमाणपत्रासाठी खेटे, असे हे दुटप्पी राज्य आहे.

आक्षेप आणि त्याचे उत्तर

येथे एक गंभीर आक्षेप घेतला जातो, आणि तो टाळणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. टोपणनावाआड बसून स्त्रियांना, अल्पसंख्याकांना, दलितांना धमकावणाऱ्यांचे काय? जुलै २०२१ मध्ये ‘सुल्ली डील्स’ आणि १ जानेवारी २०२२ रोजी ‘बुल्ली बाई’ या नावांनी मुसलमान स्त्रियांची छायाचित्रे लावून त्यांचा ‘लिलाव’ मांडण्याचे घृणास्पद कृत्य घडले. दुसऱ्या प्रकरणात आरोपींनी दिशाभूल करण्यासाठी शीख वाटावीत अशी नावे घेतल्याचे पोलिसांनी सांगितले. तेव्हा प्रत्येक खाते ओळखपत्राशी जोडा, अशी मागणी सज्जन माणसांच्याही तोंडून निघते.

पण घटनाक्रम काय सांगतो? पहिल्या प्रकरणात सहा महिने एकही अटक झाली नाही. दुसऱ्या प्रकरणात मुंबई पोलिसांनी काही दिवसांतच आरोपी पकडले. दिल्ली पोलिसांनी त्यापाठोपाठ आसामातून अटक केली. आणि त्याच आठवड्यात पहिल्या प्रकरणातील आरोपीही इंदूरमध्ये सापडला. तंत्र तेच, टोपणनावे तशीच, कायदा तोच. सहा महिने जे कमी पडले ते ओळखपत्र नव्हते, शासनाची इच्छा होती. शिवाय ज्यांवर हल्ला झाला त्या स्त्रिया आपल्या खऱ्या नावाने, खऱ्या चेहऱ्याने वावरत होत्या, म्हणूनच त्यांना लक्ष्य करता आले. सर्वांना उघडे केल्याने गुंड उघडा पडतो हा भ्रम आहे. आधी उघडे पडतात ते बळी.

बनावट नावांच्या घाऊक कारखान्यांविषयीही हेच. १ एप्रिल २०१९ रोजी, लोकसभा निवडणुकीच्या तोंडावर, फेसबुकने काँग्रेसच्या आयटी सेलशी संबंधित व्यक्तींची ६८७ पाने व खाती काढून टाकल्याचे जाहीर केले. भारतीय जनता पक्षाच्या बाजूने मजकूर टाकणारी, एका आयटी कंपनीशी संबंधित १५ पाने व खातीही त्याच दिवशी काढली. संख्या लहान असली, तरी दुसऱ्या बाजूच्या पानांचे अनुयायी कितीतरी अधिक होते. पगार घेऊन शंभर नावांनी बोलणारा आणि नोकरी जाईल म्हणून एका टोपणनावाने बोलणारा, या दोघांना एकाच मापाने मोजणे म्हणजे न्यायाची थट्टा होय. पहिल्याच्या मागे पैसा आहे. तो पैसा शोधा. दुसऱ्याच्या मागे भीती आहे. ती भीती दूर करा.

सक्तीचा अनुभव

सक्तीचा प्रयोग एका देशाने करून पाहिला आहे. दक्षिण कोरियाने २००७ मध्ये मोठ्या संकेतस्थळांवर लिहिणाऱ्यांना राष्ट्रीय नोंदणी क्रमांकाने ओळख पटविण्याची सक्ती केली. नागरिकांची माहिती अशा रीतीने खासगी कंपन्यांकडे साचली, आणि जुलै २०११ मध्ये एकाच कंपनीतून सुमारे साडेतीन कोटी लोकांची माहिती चोरीस गेली. २३ ऑगस्ट २०१२ रोजी तेथील घटना न्यायालयाने एकमताने तो कायदा रद्द केला.

आपल्याकडील अनुभव तर याहून बोलका आहे. नोव्हेंबर २०१२ मध्ये बाळ ठाकरे यांच्या निधनानंतर पाळण्यात आलेल्या बंदविषयी पालघरच्या एका तरुणीने फेसबुकवर प्रश्न उपस्थित केला, दुसरीने त्याला पसंती दिली. दोघींनी आपापली नावे लपविली नव्हती. दोघींना अटक झाली आणि एका नातेवाइकाच्या दवाखान्याची मोडतोड करण्यात आली. ज्या ६६-अ कलमाचा त्यात वापर झाला, ते सर्वोच्च न्यायालयाने २४ मार्च २०१५ रोजी घटनाबाह्य ठरविले. खऱ्या नावाने बोलण्याचा उपदेश करणाऱ्यांनी या देशात खऱ्या नावाची किंमत कोण चुकवितो, हे आधी सांगावे.

तरीही फेब्रुवारी २०२१ च्या नियमांनी संदेश प्रथम पाठविणाऱ्याचा माग काढून देण्याचे बंधन मोठ्या संदेश-कंपन्यांवर घातले. २०२३ च्या वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्याने अठरा वर्षांखालील प्रत्येकासाठी पालकांची पडताळलेली संमती आवश्यक केली. मूल कोण हे ठरवावयाचे, तर प्रौढांचेही वय पडताळावे लागणार, हे उघड आहे. आणि त्याच कायद्याने शासनाच्या यंत्रणांना सूट देण्याचा अधिकार शासनालाच बहाल केला.

निनावीपणाचा एवढा तिटकारा असलेल्या या राजवटीने स्वतःच्या वर्गमित्रांसाठी काय केले? जानेवारी २०१८ मध्ये निवडणूक रोख्यांची योजना आणली. या मार्गाने सुमारे १६,५१८ कोटी रुपये राजकीय पक्षांना मिळाले. देणगीदाराचे नाव जनतेपासून गुप्त. पण सरकारी बँकेत मात्र नोंदलेले. ऑक्टोबर २०२३ मध्ये महान्यायवादींनी सर्वोच्च न्यायालयात लेखी सांगितले की, पक्षांच्या निधीचा उगम जाणण्याचा सर्वसाधारण हक्क नागरिकांना नाही. याच शासनाने २०१५ मध्ये आधारच्या खटल्यात नागरिकाला खासगीपणाचा मूलभूत हक्क नाही असेही सांगितले होते. म्हणजे कामगाराला लपण्याचा हक्क नाही, आणि धनिकाला पाहण्याचा हक्कही त्याला नाही. पहिला युक्तिवाद २४ ऑगस्ट २०१७ रोजी नऊ न्यायमूर्तींनी फेटाळला, दुसरा १५ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींनी. परंतु न्यायालयाने फेटाळलेली वृत्ती सत्तेतून जात नसते.

म्हणून टोपणनाव चांगले की वाईट, हा वाद निरर्थक आहे. सत्तेने पारदर्शक असावे आणि सत्ताहीनाला आडोसा असावा, हे लोकशाहीचे सूत्र आज नेमके उलटे केले गेले आहे. ते पुन्हा सुलटे करावयाचे, तर मागण्या स्पष्ट हव्यात. खात्याला ओळखपत्र जोडण्याची कोणतीही सक्ती नको. कंपन्यांनी माणसाच्या मागे लिहिलेली खतावणी त्याला पाहता आली पाहिजे आणि पुसावयास लावता आली पाहिजे. राजकीय प्रचारासाठी पैसे मोजून चालविलेल्या प्रत्येक खात्यामागील पैशाचा मालक जाहीर झाला पाहिजे. कारण व सुनावणी यांवाचून कोणत्याही कामगाराचा आयडी बंद करता कामा नये. आणि ‘पार्टनर’ या टोपणनावाआड दडवलेल्या कामगाराला कायद्याने त्याचे खरे नाव परत मिळाले पाहिजे. ते नाव आहे कामगार.